बाई बसते कायवर?

दारव्ह्याच्या गुलाबचाचांना तुम्ही कोणाचीही थोरवी सांगा. माणूस मंत्री असो, पहिलवान असो, नाहीतर विलायतेहून डॉक्टर होऊन आलेला असो. चाचा सगळं ऐकून घेत, दाढीत अडकलेला कापूस चिमटीनं काढत आणि मग विचारत, "ते ठीक हाय. पण बसते कायवर?"

चाचा पिंजारी. बसस्टँडच्या मागे त्यांचं बांबूच्या तट्ट्यांचं दुकान. दिवसभर पिंजणाची तार टुंई टुंई वाजे आणि त्या उडत्या कापसात चाचा पायापासून भुवयांपर्यंत पांढरे होऊन उभे असत. नवं गिऱ्हाईक दारातच दचके. गाद्या, उशा, रजया करून करून त्यांचं एक मत पक्कं झालं होतं. भावाभावांचे तंटे, नवराबायकोची भांडणं, कोर्टातले मुकदमे, सगळ्याला कारण एकच, ते म्हणजे टणक बैठक. "राग डोक्यात नसते जी," ते म्हणत, "राग खालून वर चढते."

याचा त्यांनी पुरावाही दिला होता. आमच्या शाळेतले वामनराव मास्तर छडीसाठी नावाजलेले. एक दिवस चाचा कोणाला न विचारता वर्गात शिरले, मास्तरांना उठवलं, खुर्चीवर गादी टाकली आणि परत बसवलं. आठ दिवसांत छडी बंद. चाचा म्हणत, माझ्या गादीचा गुण. मी म्हणे, कसला गुण, मास्तर झोपून राह्यले! दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या, पण मी माझीच धरून ठेवली. चाचांचं बोलणं मी कधी सरळ जाऊ दिलं नाही. त्यांनी पूर्व म्हटलं की मी पश्चिम म्हणणार, हे साऱ्या बसस्टँडला माहीत होतं.

मी तेव्हा जिनिंगचा ट्रक चालवत होतो. दारव्ह्याहून कापसाच्या गाठी भरायच्या आणि नागपूरला उतरवायच्या. शाळा मी दुसरीत सोडली, की शाळेनं मला सोडलं, त्यावर वाद आहे. पण नागपूरपर्यंतचा एकेक खड्डा मला पाठ होता. तर एकदा मी हॉटेलात चहा पीत असताना चाचा सुतळी घेऊन आले.

"किसन, उभा राह्य सरळ."

"कायले?"

"बुडाचं माप घेतो."

सगळं हॉटेल माझ्याकडे वळलं. मी ओरडेपर्यंत चाचांनी सुतळी फिरवून गाठसुद्धा मारली होती. मग ट्रकमध्ये चढले, माझ्या जुन्या सीटवर तळहात दाबत दाबत फिरवला आणि वरूनच साऱ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "किसन, तू उजवीकडं बसतं बे! डावं बूड तुयं काही कामाचंच नाही."

मी दोन दिवस भांडलो. तिसऱ्या दिवशी कळंबच्या पुढे माझ्या ध्यानात आलं की माझं उजवं कोपर कायम खिडकीच्या बाहेर असतं आणि सगळा भार त्याच अंगावर असतो. हे मी चाचांना सांगितलं नाही. सांगायचं कारणही नव्हतं. वापरलेल्या बैठकीवर हात फिरवला की त्यांना माणूस कळायचाच.

साठ सालानंतरची गोष्ट. नागपूरचा पेपर दुपारच्या बसनं येई आणि वामनराव मास्तर तो हॉटेलात मोठ्यानं वाचून दाखवत. एक दिवस त्यांनी वाचलं की कोणी एक गोरी बाई लहानशा विमानात एकटीच बसून पृथ्वीला फेरी मारून राहिली आहे. एकच पंखा, एकच माणूस. ती मुंबईहून निघून पेट्रोल भरायला नागपूरला उतरणार आणि तिथून कलकत्त्याला जाणार.

हॉटेलात कल्ला झाला. कोणी विचारलं, पेट्रोल संपलं तर? कोणी विचारलं, वरच्यावर झोप लागली तर? एकानं विचारलं, "आन् मास्तर, लघवीले कुठी उतरते?" मास्तर म्हणाले, "पुढं वाचतो," आणि पुढं तसं काही नव्हतं.

कोपऱ्यातून चाचा बोलले. "बसते कायवर?"

मास्तरांनी बातमी परत पाहिली. "तसं काही दिलं नाही, चाचा."

"काहून नाही? पेट्रोल किती, ते छापलं. पंखा किती, ते छापलं. एवढी दुनिया फिरून राह्यली थे बाई, बूड कायवर ठेवलं ते नाही छापलं? पेपर हाय का रद्दी?"

मी म्हणालो, "विमानात चांगली सीट असते, चाचा. तिथं तुमचं काही काम नाही."

"तू बसला का विमानात?"

"तुमी बसले का?"

झालं. चाचांनी तिथंच ठरवलं की बाईला गादी द्यायची. माझ्या ट्रकमध्ये बसून नागपूरला नेऊन द्यायची. मी नाही म्हणालो, म्हणून तर ते पक्कंच झालं.

अडचण मापाची होती. पेपरातल्या फोटोत बाईचं नुसतं तोंड, मान आणि वर केलेला एक हात. चाचांनी तो फोटो मागून घेतला, मानेवर बोट ठेवलं आणि दोन दिवस गावात तशी मान शोधत हिंडले. बायका पदर सावरून घरात पळाल्या. शेवटी ती मान सरकारी दवाखान्यातल्या नर्सबाईंची निघाली. चाचा थेट दवाखान्यात गेले, फरशीवर कापसाचा ढीग ओतला आणि म्हणाले, "बाई, जरा बसा न याच्यावर."

नर्सबाई सुया उकळायचं भांडं घेऊन त्यांच्या अंगावर धावल्या. मला बोलावणं आलं. मी जाऊन सगळा प्रकार सांगितला, तेव्हा त्यांना आणखीच राग आला. "म्हणजे माह्यं बूड त्या गोऱ्या बाईएवढं हाय म्हणता?" मी म्हणालो, "मी नाही, चाचा म्हणते." पण बाई मनानं चांगल्या. दार लावून घेतलं, आम्हाला भिंतीकडे तोंड करायला लावलं आणि कापसावर बसल्या. चाचांनी मग त्या खळग्याचं माप सुतळीनं असं जपून घेतलं, जसं काही सोनं मोजून राह्यले.

कापूस मारेगावकडचा, लांब धाग्याचा. तीनदा पिंजला. वर निळ्या पट्ट्यांचं गादीपाटाचं कापड. गादी अशी सपाट, चारी बाजूंनी सारखी झाली की मास्तरांनी तिच्यावर पट्टी ठेवून पाहिली. "बहादुर माणसाले सपाट गादी," चाचा म्हणाले. "भक्कम बसते थो."

नागपूरला मी आधी गाठी उतरवल्या आणि मग विमानतळावर गेलो. फाटकापाशी पोलीस.

"काय हाय बे त्या गठोड्यात?"

"गादी."

"कोणासाठी?"

"विमानवाल्या बाईसाठी," चाचा म्हणाले. "भरोसा नसन तं बसून पाहा."

पोलिसानं इकडं तिकडं पाहिलं, दगडावर गादी टाकली आणि बसला. बसला तो उठेचना. पायातले बूट सैल केले. सकाळपासून उभा होता बिचारा. शेवटी चाचांनी त्याच्या खालून गादी ओढली, तेव्हा तो एवढंच म्हणाला, "जा. पण कोणाले सांगू नका."

बाई विमानाच्या सावलीत उभी होती. उंच, उन्हानं नाक सोललेलं, गळ्यात चार हार. विमान म्हणजे आमच्या ट्रकच्या पाठीत मावेल एवढंच. सुटाबुटातली माणसं तिच्याभोवती. खुर्ची मांडली होती तरी ती चहा उभ्यानंच पीत होती. चाचा सरळ मध्ये घुसले. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी गादी पुढं धरली, तिच्यावर थाप मारली, मग स्वतःच्या बुडावर थाप मारली आणि मग बोट बाईकडं केलं.

सुटातला एक साहेब ओरडला, "कौन है ये? हटाओ इसको!"

आता मी पुढं झालो. मला इंग्रजी येत नाही असं कोणी म्हणू नये. मी म्हणालो, "मॅडम, सीट. गुड सीट. कॉटन."

बाईनं गादीवर हात ठेवला. दाबला. मग खाली वाकून तिनं गादीला गाल लावला आणि हसली. अशी हसली की तो साहेबही हसला. तिनं विमानातून आपली जुनी गादी ओढून काढली आणि नवी टाकली. नर्सबाईंच्या मापाची असल्यानं बोटभर मोठी झाली, तर एक कोपरा दुमडून घेतला. वर चढून बसली, दोन मिनिटं डोळे मिटले. मग उतरली आणि जुनी गादी दोन्ही हातांनी चाचांना दिली.

विमान उडालं. ते ठिपक्याएवढं होईपर्यंत चाचा हात हलवत होते. नंतरही हलवत होते.

परतीच्या वाटेवर चाचांनी जुनी गादी मांडीवर घेतली. आधी खूप हसले. आत कापूस नव्हता, रबराचं काहीतरी होतं. "हे पाह्य किसन, पाव भरला पाव!" मग तळहात फिरवायला लागले. वर्धा येईपर्यंत काही बोलले नाहीत. मला ते खटकलं, कारण चाचा गप्प बसले की मला भांडायला कोणी उरत नसे.

"काय झालं?"

"गाडी फिरव."

"काहून?"

"फिरव म्हणतो न. नागपूरले."

"विमान गेलं, चाचा. आता थे कलकत्त्याच्या रस्त्यानं असन."

त्यांनी गादी माझ्यापुढं धरली. मी ट्रक बाजूला घेतला. गादीची पुढची कड पार झिजली होती. शिवण उसवलेली, कापड विरलेलं, आतल्या रबराचा भुगा झालेला. मागची बाजू मात्र दुकानातून आणल्यासारखी कोरी. रंगसुद्धा उडाला नव्हता.

"मागं टेकलीच नाही थे बाई," चाचा म्हणाले. "निघाली तवापासून कडेवर बसून हाय. भेव लागून राह्यलं तिले."

मी माझ्या सवयीनं म्हणालो, "तसं काही नाही. समोरचं दिसत नसन, म्हणून पुढं सरकत असन. डायवर लोकाइचं तुमाले काय कळते?"

"एवढी उंच बाई, तिले दिसत नाही?" चाचांनी ती झिजलेली कड अंगठ्यानं सारखी केली. "आमचा हमीद पलटणीत गेलता, अन् चिठ्ठ्या बंद झाल्या. त्याची माय चार महिने अशीच बसे. कडेवर. डाकवाला आला तं केवाही उठावं लागन म्हणून. चार महिन्यांत गादीची एक बाजू गेली. दुसरी तशीच होती."

चाचांचा मुलगा हमीद मोठ्या लढाईत ब्रह्मदेशाकडे गेला तो आला नाही, आणि त्याची आई पुढं दोन वर्षांत गेली, हे दारव्ह्यात सगळ्यांना माहीत होतं. चाचांच्या तोंडून ते मी पहिल्यांदा ऐकलं.

"मले मालूम असतं," ते म्हणाले, "तं मागून खोल केली असती गादी. खोल असली की माणूस आपोआप मागं घसरते. पाठ टेकते. भेव अर्धं होते. म्या सपाट केली. पेपरात बहादुर लिवलं, म्हणून सपाट केली."

"चांगली झाली गादी, चाचा," मी म्हणालो.

मी ट्रक सुरू केला.

त्यानंतर चाचा रोज दुपारी बस यायच्या आधी हॉटेलापुढं येऊन उभे राहत. पिंजण बंद, गिऱ्हाइकं खोळंबलेली. मास्तर वाचत. बाई आज या गावी, बाई उद्या समुद्रावरून जाणार. समुद्र आला तेव्हा दोन दिवस पेपरात काहीच आलं नाही. त्या दोन दिवसांत चाचांनी एका लग्नाच्या रजईला एका बाजूनं टाकेच घातले नाहीत, आणि नवरीच्या बापानं तोंड सोडलं तर ते त्याच्याकडं नुसते पाहत राहिले. माझ्याशीही भांडले नाहीत. मी दोनदा मुद्दाम खोटंनाटं बोलून पाहिलं.

मग एक दिवस मास्तर बसमधून पेपर घेऊन पळतच आले. "पोचली! पोचली बाई घरी!"

हॉटेलवाल्यानं साऱ्यांना फुकट चहा दिला. मास्तर बाकावर उभे राहून वाचू लागले. किती देश, किती मैल, कोणकोण भेटायला आलं. शेवटी बाईचं बोलणं छापलं होतं, की एवढ्या प्रवासात मला भीती अशी कधी वाटलीच नाही.

"वा!" सगळे म्हणाले. "याले म्हणते छाती!"

मास्तरांनी पेपराची घडी केली. "काय चाचा? तुमी तं तिची जुनी गादी हातात घेतली. गादी काय सांगते?"

चाचा हातातल्या कपाकडं बघत होते.

"पेपर बराबर हाय," ते म्हणाले. "आरामात बसली होती. मागं टेकून. राणीसारखी."

आता सगळे माझ्याकडं वळले. चाचांनी काही म्हटलं की माझं उलटं यायचंच, म्हणून हॉटेलवाला किटली हातात धरून थांबला. मास्तर आधीच हसायला लागले होते.

"म्या बी पाह्यली थे गादी," मी म्हणालो. "चाचा खरं सांगून राह्यले."