रुमेळ म्हणजे काय?

मुलीचा फोन आला तेव्हा कोशकार जेवणाच्या टेबलावर मुद्रिते तपासत बसले होते.

"बाबा, बाळाचं नाव ठरलं एकदाचं," मुलगी म्हणाली. "रुमेळ. मुलाला, मुलीला, कुणालाही चालणारं. कसं आहे?"

आता अशा वेळी शहाण्या माणसाने 'छान आहे' म्हणावे. अगदीच घशाखाली उतरत नसेल तर 'वेगळं आहे' म्हणावे आणि विषय बदलावा. पण कोशकारांनी एकतीस वर्षे शब्दकोशाच्या कार्यालयात काढली होती. तिथे रोज पन्नासेक शब्द त्यांच्यापुढे येऊन उभे राहत आणि त्यांतले चाळीस ते हाकलून देत. हाताला लागलेली सवय तोंडालाही लागली होती. "असा शब्दच नाही," ते म्हणाले.

"नक्की?" मुलीने विचारले.

"नक्की म्हणजे काय! 'रुमाल' झाला की पुढे 'रुष्ट'. मधे काही नाही."

"बरं," मुलगी म्हणाली आणि फोन बंद झाला.

बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून सगळे ऐकत होती. "अहो, काय बोललात हे? पोरीनं कौतुकानं नाव सांगितलं आणि तुम्ही पुढचे शब्द काय मोजून दाखवताय!"

"मी खरं तेच सांगितलं."

"खरं तुमच्या ऑफिसात सांगा. आजोबा झालात आता."

दुसऱ्या दिवशी दोघे नातवंडाला भेटायला निघाले. मुलीचे घर चालत दहा मिनिटांवर. कपड्यांची पिशवी कोशकारांच्या हातात होती. इमारतीच्या फाटकाशी पोचतात तोच बायकोचा फोन वाजला. तिने ऐकून घेतले, 'हो हो' म्हटले आणि पिशवी कोशकारांच्या हातून काढून घेतली.

"ती म्हणतेय, बाबांना एवढ्यात वर नको आणूस."

"का?"

"का म्हणून मलाच विचारा," बायको म्हणाली आणि जिना चढून गेली.

त्यानंतर हे रोजचेच झाले. बायको वर, कोशकार खाली. बाळाला त्यांनी दवाखान्यात काय ते पाच मिनिटे पाहिले होते, तेही काचेतून. बायको खाली आली की बातम्या सांगे. आज बाळाने आंघोळीत लाथा मारल्या, आज जांभई दिली, आज जावयाचा चष्मा ओढला. कोशकार हे सगळे ऐकत ऐकत घरी येत आणि त्यांना भूक लागत नसे. एकतीस वर्षांत त्यांनी पुष्कळ लोकांचे शब्द नाकारले होते, पण त्यापायी कुणी त्यांना फाटकाबाहेर उभे केले नव्हते.

तिसऱ्या दिवशी बायकोच म्हणाली, "जन्मभर लोकांच्या शब्दांचे अर्थ शोधता ना? मग स्वतःच्या नातवंडाच्या नावाचा शोधा की. चांगलासा अर्थ घेऊन जा. घेईल ती घरात."

कोशकारांना हे पटले. कार्यालयातल्या कार्डांच्या पेट्या त्यांनी उपसल्या, जुन्या वह्या चाळल्या, पण काहीच सापडले नाही. शेवटी त्यांनी अकरा शब्दमित्रांना पत्रे पाठवली. शब्दमित्र म्हणजे गावोगावची निवृत्त मंडळी. आपल्या भागातले शब्द टिपून ती कोशाला फुकट पाठवत असत. माणसे सोन्यासारखी, फक्त एकच खोट होती. 'मला माहीत नाही' हे वाक्य त्यांच्यापैकी एकालाही लिहिता येत नसे. शिवाय कोशकारांनी ही पत्रे सवयीने कार्यालयाच्या कागदावर लिहिली, त्यामुळे उत्तरेही कार्यालयाच्या पत्त्यावर आली आणि थेट सहसंपादिकेच्या टेबलावर पोचली.

या सहसंपादिकेला कार्यालयात सगळे चाळणीबाई म्हणत. तिच्या हातून खोटा शब्द कधी खाली पडला नव्हता आणि नियमात बसणारा शब्द कधी अडला नव्हता. दहा दिवसांनी ती तोवर आलेली चार पाकिटे घेऊन कोशकारांच्या टेबलाशी आली. चेहरा फुललेला.

"सर, अभिनंदन! 'र'च्या खंडात नवीन शब्द मिळाला. रुमेळ!"

कोशकार उठून उभे राहिले. "मिळाला? काय अर्थ आहे?"

"चार आहेत. मुख्याध्यापक लिहितात, कापडाच्या काठाचा सुटलेला धागा. होड्या बांधणारे लिहितात, होडीच्या तळाशी साचणारं पाणी. पोस्टमास्तर म्हणतात, मुक्कामाला येऊन न जाणारा पाहुणा, आणि उदाहरण म्हणून मेहुण्यांचं नाव दिलंय, ते मी खोडलं." चाळणीबाईने चौथे पाकीट आदराने वर धरले. "आणि गुरांचे डॉक्टर. हे सगळ्यांत आधी आले आणि सगळ्यांत सविस्तर आहेत, म्हणून पहिला अर्थ यांचा धरलाय. गुरांच्या खुरांत होणारा, चिघळणारा रोग. उपायही दिलाय."

कोशकार खाली बसले. "बाई, हा शब्द घ्यायचा नाही."

"तीन पुरावे आले की शब्द घ्यायचा, हा तुमचाच नियम आहे, सर. इथे चार आहेत."

"ते चारही खोटे आहेत हो!"

"चौघंही?" चाळणीबाईचा आवाज खाली आला. "या चौघांचे दोनशेसाठ शब्द आपण आजवर छापलेत. मग तेही काढायचे का? यादी करू?"

कोशकारांच्या कपाळाला घाम फुटला. दोनशेसाठ शब्द काढायचे म्हणजे सहा खंड पुन्हा छापायचे. "नको, नको. यादी नको," ते म्हणाले.

"बरं. लिंग कोणतं लिहू? रोग म्हणून पुल्लिंगी?"

"दोन्हीकडे चालतो," कोशकार क्षीण आवाजात म्हणाले.

'र'चा खंड शुक्रवारी छापखान्यात जाणार होता आणि आज सोमवार होता. कोशकारांच्या डोळ्यांपुढे आठ-दहा वर्षांनंतरचा एक वर्ग उभा राहिला. बाई मुलांना सांगताहेत, प्रत्येकाने आपापल्या नावाचा अर्थ कोशात बघून या. बाकीची मुले कुणी तारा, कुणी सागर म्हणून उठताहेत, आणि एक पोर खुरांचा रोग होऊन कोपऱ्यात बसले आहे. शिवाय कोशाच्या संपादकांत नाव कुणाचे? आजोबांचे.

मग त्या सरळमार्गी माणसाने आयुष्यात पहिल्यांदा लबाडी केली. मंगळवारी सगळे जेवायला गेल्यावर त्यांनी एक कोरे कार्ड घेतले आणि डाव्या हाताने लिहिले : 'रुमेळ – थंडीच्या सकाळी उन्हाकडे पाठ करून बसल्यावर पाठीला लागणारी ऊब. पुरावा : एका वृद्ध खलाशाचे पत्र.' लिहून झाल्यावर त्यांनी ते तीनदा वाचले आणि त्यांना खरेच बरे वाटले. असा शब्द असायला काय हरकत होती? कार्ड त्यांनी हळूच चाळणीबाईच्या ट्रेमध्ये सरकवले.

तासाभरात चाळणीबाई हजर. "सर, हा खलाशी आपल्या कार्यालयाच्या शाईनं लिहितो."

"शाई काय, कुठेही मिळते."

"आपलंच कार्डही वापरतो. आणि 'ऊब' लिहिताना ऊला तुमच्यासारखीच लांब शेपटी काढतो." तिला राग आला नव्हता. तिचे डोळे भरून आले होते, आणि ते पाहून कोशकारांना जास्तच ओशाळे वाटले. "सर, मला हे साहेबांना दाखवावं लागेल."

साहेब म्हणजे मुख्य संपादक. वय पंचाहत्तर, कानाला यंत्र, आणि हसणे फक्त वर्षअखेरीला. त्यांनी कार्ड वाचले, चाळणीबाईला बाहेर जायला सांगितले आणि कोशकारांना दार लावून घ्यायला लावले. कोशकारांनी न विचारताच सगळे सांगून टाकले. फोन, फाटक, पिशवी, खूर. "राजीनामा आणलाय," ते शेवटी म्हणाले.

साहेब उठले. भिंतीशी जाऊन त्यांनी तिसरा खंड काढला, पाने उलटली आणि एका शब्दावर बोट ठेवले. "वाचा."

कोशकारांनी वाचले. 'घराबाहेर पडताना पाच वेळा कुलूप ओढून पाहणारी व्यक्ती. पुरावा : मौखिक.'

"आमची आई," साहेब म्हणाले. "वडील तिला चिडवायला असं म्हणायचे. त्या दोघांखेरीज हा शब्द कुणी उच्चारला नाही. आज दोघंही नाहीत. हे पान मात्र आहे." त्यांनी खंड जागेवर ठेवला. "चौघांचे चार अर्थ एकमेकांशी जुळत नाहीत म्हणून बाजूला काढा. ऊब राहू दे. आणि पुन्हा डाव्या हातानं लिहू नका, वाचवत नाही."

गुरुवारी संध्याकाळी 'र'च्या त्या पानाचे मुद्रित हातात आले. कोशकारांनी ते घडी न घालता, पुठ्ठ्यात ठेवून मुलीकडे नेले. फाटकाशी थांबले नाहीत. बायको मागून "अहो, विचारू तरी द्या" म्हणत राहिली आणि हे दोन-दोन पायऱ्या चढून गेले. दार जावयाने उघडले. त्याच्या खांद्यावर लंगोट वाळत टाकल्यासारखा पडला होता.

"बाबा!" मुलगी आतून धावत आली. "तुम्ही? आज?"

"मी चुकलो," कोशकार धापा टाकत म्हणाले. "असा शब्द नाही म्हणालो, ते चुकलंच. आहे. हे बघ, छापलंय!"

मुलीने पान घेतले आणि वाचले. मग ती मटकन खुर्चीत बसली. "अरे देवा," ती नवऱ्याकडे बघून म्हणाली. "काढलाच यांनी."

"काय काढलं?"

"अर्थ!"

कोशकारांना काही कळेना. "चांगला आहे की. ऊब."

"बाबा, माझ्या नावाचे किती अर्थ आहेत?"

"सहा," कोशकार ताबडतोब म्हणाले. "एक संदिग्ध धरला तर सात."

"पाहुणे आले की मला ते ओळीनं म्हणून दाखवावे लागायचे. गणितात नापास झाले तेव्हा तुम्ही म्हणालात, नावाचा तिसरा अर्थ 'तेजस्वी' आहे, विसरू नकोस. सातवा सापडला तेव्हा मी परीक्षेला निघाले होते, तर तुम्ही रस्त्यात गाठून सांगितलात! मी एकाही अर्थासारखी झाले नाही, बाबा. मी आपली माझ्यासारखीच झाले, आणि दर वेळी मला उगाच चुकल्यासारखं वाटायचं." तिने पान टेबलावर ठेवले. "म्हणून आम्ही अर्थ नसलेलं नाव शोधत होतो. तीन महिने. तुमचेच खंड घेऊन बसायचो. आठ नावं टाकून दिली. कुठे झाड निघायचं, कुठे राजा. रुमेळ एकटं सुटलं, पण 'र'चा खंड अजून निघाला नव्हता. आणि त्या दिवशी तुम्ही स्वतः म्हणालात, असा शब्दच नाही. मी इथे नाचले होते!"

"नाचली होती," जावयाने साक्ष दिली. "टाके होते तरी."

"मग मला दोन आठवडे खाली का उभं केलंस?"

"कारण मी तुम्हाला ओळखते! बाळाला मांडीवर घेतलं असतंत, दोन मिनिटं बघितलं असतंत, आणि रात्रीतून कुठूनतरी अर्थ काढून आणला असतात. नोंदणीचा दाखला हातात येईपर्यंत तुम्हाला लांब ठेवायचं ठरवलं होतं. दाखला उद्या मिळणार होता." मुलीला हसू आवरेना आणि रडूही. "आणि तुम्ही थेट छापूनच आणलंत!"

सहा अर्थ कोशकारांनी लेकीच्या कौतुकाने गोळा केले होते. ते तिने वीस-पंचवीस वर्षे पाठीवर वाहिले असतील, हे त्यांच्या कधी डोक्यातच आले नव्हते. त्यांना फार वाईट वाटले. मग त्यांनी फोन काढला.

"चाळणीबाई, छापखाना किती वाजता उघडतो? उद्या सकाळी जाऊन 'रुमेळ' काढून टाका."

"आता काढायचा? साहेबांची सही झालीये, सर. कारण काय लिहू?"

"वापरात आहे."

"सर, वापरात असतो म्हणूनच तर शब्द घालतो आपण."

"हा एकालाच लागतोय. आणि त्याचं वय तीन आठवडे आहे. त्याच्या आधी आपण अर्थ ठरवून ठेवणं बरं दिसत नाही."

पलीकडे कागदावर पेन चालल्याचे ऐकू आले. "'वापरात असल्यामुळे वगळला,'" चाळणीबाई लिहिता लिहिता म्हणाली. "इतक्या वर्षांत असं पहिल्यांदा लिहितेय. बाळाला माझा पापा द्या, सर."

मुलगी आत जाऊन बाळाला घेऊन आली आणि तिने ते कोशकारांच्या हातांत ठेवले. डोके कसे धरायचे ते दाखवले. बाळाने डोळे उघडले, आजोबांकडे गंभीरपणे पाहिले आणि मूठ हवेत नेऊन परत आणली. कोशकार त्याच्यावर वाकले. पाच मिनिटे झाली, दहा झाली. ते मान वर करीनात, बोलेनात.

मुलीला शंका आली. "बाबा," ती जवळ येऊन म्हणाली, "काय शोधताय?"

"काही नाही गं," कोशकार म्हणाले. "बघतोय नुसतं."