पाठपोट लिहिलेला कागद

गुप्तेसाहेबांनी छापील कागद दत्तोबापुढे सरकवला. पिंपरीच्या औषधाच्या कारखान्यात स्टोअरच्या किल्ल्या सांभाळायला माणूस हवा होता आणि किल्ल्यांबरोबर कॉलनीत दोन खोल्यांचं क्वार्टर मिळणार होतं. याच कारखान्यात कामाला यायला रोज चऱ्होलीहून आठ मैल सायकल हाणून दत्तोबाच्या गुडघ्यांचा भुगा झाला होता. क्वार्टर त्याला हवंच होतं. पण असा विसरभोळा माणूस पंचक्रोशीत दुसरा नव्हता, हीच तर पंचाईत!

कागदावर वीस प्रश्न होते. ‘वस्तू कुठे ठेवली हे गेल्या सहा महिन्यांत किती वेळा विसरलात?’ ‘खोलीत कशासाठी आलो हे किती वेळा विसरलात?’ साहेब नुकतेच विलायतेहून शिकून आले होते. माणसाची स्मरणशक्ती अशी कागदावर मोजता येते, यावर त्यांची भारी श्रद्धा.

दत्तोबानं डोकं खाजवलं. “सायेब, किती येळा इसरलो त्ये ध्यानात असतं, तर इसरलो कशाला असतो?”

साहेब पेन्सिल चावू लागले. दुसरा उमेदवार भिमाजी. त्यानं वीसही प्रश्नांपुढे ठणठणीत ‘कधीच नाही’ लिहिलं होतं आणि कागदावर नाव घालायचं विसरला होता.

“असं करा,” साहेब म्हणाले, “घरच्या माणसाकडून भरून आणा. सोमवारी, पाकीट चिकटवून. वाटेत उघडायचं नाही!”

दत्तोबाच्या बायकोनं, यशोदाबाईनं, त्याच वर्षी गावच्या साक्षरता वर्गात लिहिणं शिकून घेतलं होतं. “तुमी घोर करू नगा,” ती म्हणाली. “समद्याला ‘न्हाई’ लिवते. मलाबी कॉलनीतला नळ पायजेच की! फकस्त उद्या आळंदीच्या बाजारातनं पाच जिनसा आना. शिकेकाई, हिंग, सुतळी, कंदिलाची काच आन् हळद.”

दत्तोबानं एकेका जिनसेची एकेक गाठ उपरण्याला मारली आणि रविवारी सकाळी बाजार गाठला. गाठी पाचही शाबूत होत्या. कुठली कशाची, ते मात्र साफ पुसलं गेलं होतं. पहिली सोडली, काही नाही. दुसरी सोडली, तरी काही नाही. रिकाम्या हातानं जावं तर बायको रागावणार, म्हणून त्यानं अंदाजानं पाच जिनसा घेतल्या: दोन चाळण्या, एक पाटा, अत्तराची कुपी आणि बैलाची घुंगरमाळ.

“आपल्याकडं बैल हाय का?” यशोदाबाईनं विचारलं.

“न्हाई.”

“आन् पाटा खांद्यावर घिऊन चालत आलासा? सायकल कुठं हाय?”

दत्तोबा धावतच आळंदीला गेला. सायकल चाळणीवाल्याच्या दुकानाला टेकून उभी होती. तो घामाघूम होऊन परतला, तेव्हा यशोदाबाई ओट्यावर कागद भरत होती. समोरची बाजू भरली. मग पाठ भरली. मग तिनं वर्गाच्या वहीतली दोन पानं टरकावली.

“अगं, ‘न्हाई’च लिवायचं, तर येवढं काय लिवतीस?”

“त्यो बिचारा सायेब येवढ्या इश्वासानं इचारतोय,” खाली मान घालूनच ती म्हणाली. “मला आजपतूर कुणी इचारलंच नव्हतं!”

खळीनं पाकीट चिकटवलं गेलं. आपल्या चांगुलपणाला चार बाजू लागल्या म्हणून दत्तोबा हरखून गेला.

सोमवारी साहेबांनी पाकीट फोडून मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. “‘नागपंचमी, छत्री मारुतीच्या देवळात, तिसऱ्या पायरीवर, डाव्या अंगाला. पोळ्याच्या आदल्या दिवशी, दळण चक्कीवर, खिडकीखाली. काल, सायकल.’ दत्तोबा, हे सत्तेचाळीस प्रसंग आहेत!”

दत्तोबाला धरणीनं पोटात घ्यावं असं झालं. घात केला हो बायकोनं!

“हे सगळं त्यांनी आठवून लिहिलं?”

“व्हय सायेब. लगनात माझा रुमाल कुठं पडला त्येबी ती सांगंल.”

“मग किल्ल्या तुम्हाला मिळणार नाहीत,” साहेब म्हणाले. दत्तोबाचा चेहरा पडला. “कुठली वस्तू कुठल्या फळीवर, हे असं सांगणारं माणूसच मला हवंय. उद्या बाईंना घेऊन या.”

पुढच्या सोमवारी सकाळी बैलगाडीनं सामान क्वार्टरमध्ये आलं. यशोदाबाईनं नळ तीनदा सोडून पाहिला, किल्ल्यांचा जुडगा कमरेला खोचला आणि ती कामावर हजर झाली. दत्तोबाही खुशीत आपल्या खात्यात गेला. नोकरी बायकोची का होईना, गुडघे तर सुटले!

संध्याकाळी भोंगा झाला. दत्तोबानं सायकलवर टांग मारली, आठ मैल हाणले आणि चऱ्होलीत येऊन हाक दिली, “अगं ए, दार उघड!”

दाराला कुलूप होतं. शेजारच्या छबूबाई बाहेर आल्या. “अवं दत्तोबा, तुमी सकाळीच पिंपरीला ऱ्हायाला गेलासा न्हवं?”

घाम पुसायला त्यानं उपरणं ओढलं. टोकाला एक नवीकोरी गाठ होती. आयुष्यात पहिल्यांदाच त्याला गाठ पाहून ती कशासाठी मारली होती ते लख्ख आठवलं. त्यानं सायकल पिंपरीकडे वळवली.