नानाकाकांच्या काळ्या पट्ट्या

उज्जैनच्या फ्रीगंज भागातल्या आमच्या बिल्डिंगीत नानाकाकांच्या घरी टीव्हीच्या रिमोटवर एका बटणाला जखमेवर लावायची पट्टी चिकटवलेली आहे. ते बटण दाबलं की वरखालच्या काळ्या पट्ट्या जातात, चित्र पडदाभर पसरतं आणि त्याच्या कडा कापल्या जातात. काकांना ते सहन होत नाही.

बँकेतून रिटायर झालेला हा माणूस लहानपणापासूनचा कॉमिक्सवेडा. त्यामुळे रविवारी दुपारी त्यांच्याकडे कॉमिक्सवरून काढलेले उडत्या वीरांचे सिनेमे लागतात आणि आम्ही शेजारी जमतो. आधी तंबी मिळते.

"पट्ट्या राहतील. चित्रकाराने चौकट आखली, मतलब चौकट म्हणजे चौकट. पिक्चर आहे, पोळी नाही लाटून मोठी करायला."

"पण काका, एवढा मोठा टीव्ही घेतला अन् आधा काळाच?"

"तू कचोरी खा."

सिनेमा हिंदीत, आणि खालच्या काळ्या पट्टीत तेच संवाद पुन्हा हिंदीत लिहिलेले. का, तर म्हणे, "उच्चार पक्के होतात." अख्खा जन्म उज्जैनमध्ये काढून यांचे उच्चार अजून कच्चेच. आम्ही काकांना हसायचो. त्यांच्या पत्नी सुमनकाकू मात्र फक्त सिनेमातल्या विनोदांना हसायच्या, तेही सगळ्यांच्या आधी. अर्ध्या कॉलनीला त्यांनी गाणं शिकवलंय, माझ्यासारख्या बेसूर माणसालासुद्धा.

परवा काका चहा करायला आत गेले आणि मी रिमोटवरची ती पट्टी सोलून बटण दाबलं. चित्र ऐसपैस झालं. काळ्या पट्टीबरोबर अक्षरंही गेली. वीर काहीतरी खट्याळ बोलला, आम्ही हसलो. पुढे बसलेल्या काकूंनी वळून आमच्या तोंडांकडे पाहिलं आणि मग त्या हसल्या.

"काकू, आवाज वाढवू का?" मी मागून विचारलं. त्या पडद्याकडेच बघत राहिल्या. पदराचं टोक मुठीत घट्ट धरलेलं होतं.

मला फार वाईट वाटलं. आम्हाला सूर ऐकायला शिकवणाऱ्या बाईंना ऐकू येईनासं झालं होतं. ते कुणाला कळू नये म्हणून काका रविवारमागून रविवार स्वतःचं हसं करून घेत होते.

काका ट्रे घेऊन आले. त्यांनी आधी पडदा पाहिला, मग मला. मी पुन्हा बटण दाबलं, अक्षरं परत आली, आणि पुढच्या विनोदाला काकू सगळ्यांच्या आधी हसल्या.

"अरे यार, फुल स्क्रीन चांगली होती ना," वरच्या मजल्यावरचे जोशी कुरकुरले.

"पोळी आहे का ती, लाटून मोठी करायला?" मी म्हणालो आणि पट्टी बटणावर दाबून बसवली.

काकांनी चहाचा पहिला कप मला दिला.