कंदीलवाली आणि बोअरवेल

हरणाऱ्यांनी महाप्रसादाच्या पुऱ्या लाटायच्या, असं ललित भर मीटिंगमध्ये बोलून गेला तेव्हा त्याची बायको शुभांगी शेवटच्या रांगेत बसली होती. आपला नवरा अजून काय काय कबूल करणार, याचा ती शांतपणे अंदाज घेत होती.

मीटिंग सोसायटीच्या गणपतीची होती. नाशिक रोडच्या त्या चार मजली इमारतीत महाप्रसादाच्या पुऱ्या दर वर्षी बायका लाटत आणि पुरुष मांडवात उभे राहून सूचना देत. यंदा ललितची थोरली वहिनी मनीषा उभी राहिली. ती समोरच्याच फ्लॅटमध्ये राहायची. माझा खांदा आखडलाय, हात कानाच्या वर जात नाही, दोनशे माणसांच्या पुऱ्या यंदा माझ्याच्याने व्हायच्या नाहीत, असं तिने सांगितलं. सभेने हळहळ व्यक्त केली आणि रोषणाईचा विषय घेतला.

रोषणाईनंतर मोबाइल गेमच्या स्पर्धेचा विषय निघाला. स्पर्धा साईने ठरवली होती. साई अंबडच्या एका कारखान्यात नव्याने लागलेला, दुसऱ्या मजल्यावरचा. त्याने गमतीत म्हटलं, "मनीषाकाकू, बायकांची जोडी उतरवा. आम्हाला हरवलंत तर पुऱ्या आम्ही लाटतो." त्यावर ललित टेबलावर हात आपटून म्हणाला, हरणाऱ्यांनी पुऱ्या लाटायच्या, ठरलं. ललित औषध कंपनीत होता. डॉक्टरांच्या केबिनमध्ये त्याला पाच मिनिटं मिळत, त्यामुळे त्याचं सगळं सामर्थ्य पहिल्या पाच मिनिटांतच गोळा झालं होतं. सहाव्या मिनिटाला तो समोरचा म्हणेल ते मान्य करी. शुभांगीचा संसार या माहितीवर बरा चालला होता.

"आपण खेळायचं का ताई?" जिना चढताना शुभांगीने विचारलं.

"मला त्यातलं काय कळतंय?" मनीषाताई म्हणाली. मग एक पायरी चढून थांबली. "पण खांदा लय दुखतो गं."

तेवढं शुभांगीला पुरलं.

बायकांची जोडी थेट फायनलला गेली, कारण बायकांची जोडी एकच होती. पुरुषांमधून साई आणि ललित वर आले. फायनलला चार दिवस होते. शिकवून काय बिघडतंय, अशा उदार मनाने साई रोज संध्याकाळी दोघींना शिकवायला येऊ लागला.

गेम असा होता: दोन्ही बाजूंना दगडी बुरूज, मध्ये जंगल. आपापलं पात्र निवडायचं आणि समोरच्याचे बुरूज पाडायचे. ललितने आधीच एक कुऱ्हाडवाला निवडला होता. त्याच्या डोक्याला शिंगं होती, म्हणून मनीषाताई त्याला रेडा म्हणे. साईचा एक तिरंदाज होता. शुभांगीने सगळी पात्रं एकदा नीट पाहून घेतली आणि कंदील घेतलेल्या एका काटकुळ्या बाईवर बोट ठेवलं.

"ही नको काकू," साई म्हणाला. "ही सुरुवातीला फार कमजोर असते. जंगलातला डुक्करसुद्धा हिला लोळवतो. एकेक प्राणी मारला की कंदील थोडा मोठा होतो, तसतशी ही वाढते. मॅच लांबली तरच हिचा उपयोग. आम्ही मॅच लांबूच देत नाही."

"वाढते म्हणजे किती? थांबते कुठे?"

"थांबतच नाही."

"आणि रेडा?"

"रेडा पहिल्यापासून जोरात. पण नंतर तेवढाच राहतो."

शुभांगी दिंडोरीकडच्या एका वायनरीच्या प्रयोगशाळेत सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ होती. टाकीत यीस्ट घातलं की सुरुवातीला काहीच घडत नाही; नवी माणसं घाबरतात, पुन्हा यीस्ट घालू का म्हणून विचारतात. ती म्हणे, थांबा. मग कधीतरी टाकी फसफसायला लागते आणि झाकण आवरत नाही. तिने विजेच्या बिलामागे दोन रेषा काढल्या. रेड्याची वर जाऊन आडवी झालेली, कंदीलवालीची तळाला पडून राहिलेली आणि मग उसळलेली. रेषा एकमेकींना छेदत होत्या बाविसाव्या मिनिटाच्या आसपास. म्हणजे जिंकायचं नव्हतंच मुळी. बावीस मिनिटं मरायचं नव्हतं.

मनीषाताईला साईने ढालवाली दिली. "काकू, तुम्ही कुणाला मारायचं नाही," तो समजावून सांगू लागला. "मार तुम्ही खायचा. प्राणी अर्धमेला झाला की बाजूला व्हायचं, शेवटचा घाव कंदीलवालीला ठेवायचा. तुमची वाढ होणार नाही, पण ती वाढेल."

"मग यात नवीन काय शिकवतोस?" मनीषाताई मोबाइलवरची नजर न काढता म्हणाली. "हिच्या लग्नापासून तेच करतेय मी."

साई हसला. शुभांगी हसली नाही. ती या घरात आली तेव्हा तिचं पीएचडी अर्ध्यावर होतं. नंतर निकिता झाली. निकिताला भरवणं, झोपवणं, घरात येणारे-जाणारे, सासूबाईंची पथ्यं, आणि दर गणपतीत दोन्ही घरांच्या वाट्याच्या पुऱ्या, हे सगळं कोण करत होतं याचा तिने कधी आलेख काढला नव्हता. त्या संध्याकाळी कंदीलवाली दोनदा डुकराकडून मारली गेली.

फायनल साताला सुरू व्हायची होती आणि साडेसाताला आरती. आरती पुंजाकाकांच्या हातात होती. नोटांच्या छापखान्यातून निवृत्त झालेला हा माणूस वेळेच्या बाबतीत इतका कडक होता, की लोक त्यांच्याकडे बघून घड्याळं लावत. त्यांनी बजावलं होतं की घंटा वाजली की मोबाइल खाली. म्हणून साईने नियम केला: घंटेपर्यंत निकाल लागला नाही, तर ज्यांचे बुरूज जास्त ते विजयी. शुभांगीने हिशेब केला. साताला सुरू झालं तर बाविसावं मिनिट गाठून वर थोडं हातात उरत होतं.

तिने एक गोष्ट धरली नव्हती. आधी ललितने भाषण केलं. पार्किंगमध्ये मांडव, मांडवात मोठा टीव्ही, समोर अख्खी इमारत. ललित सोसायटीच्या एकोप्याबद्दल फार सुंदर बोलला. त्यात पंधरा मिनिटं गेली.

मॅच सुरू झाली तशी रेड्याने कंदीलवालीचा पाठलाग सुरू केला. मनीषाताईने पाटा-वरवंटा सांभाळावा तशी ढाल सांभाळली. रेडा आला की ही मध्ये, बाण आला की ही मध्ये. एक बुरूज पडला, दुसरा पडला. मांडवातली मुलं पुऱ्यांबद्दल जोरात बोलू लागली. पण कंदील इवला इवला वाढत होता. रेडा आणखी एका बुरुजाकडे वळला आणि त्याच वेळी शुभांगीला डोळ्यांच्या कोपऱ्यातून पुंजाकाका दिसले. ते आरतीचं तबक मांडून, घंटा हातात घेऊन मनगटाकडे बघत होते.

"शुभे," मनीषाताई हळूच म्हणाली, "वेळ नाय आपल्याकडं."

शुभांगी मीटिंगमध्ये कधी तोंड उघडत नसे. पण मीटिंगमध्ये काय घडतं ते ती नीट बघत असे. पुंजाकाकांना एक प्रश्न चुकूनही विचारायचा नाही, हे इमारतीतल्या लहान पोरांनाही माहीत होतं. तो विषय निघण्याची चिन्हं दिसली की माणसांना गॅसवरचं दूध आठवायचं, लिफ्ट असून लोक जिना धरायचे. तिने अंगठे न थांबवता, मान वर न करता विचारलं:

"काका, आपल्या बोअरवेलला पाणी लागलं कसं हो?"

ललितने बायकोकडे अशा नजरेने पाहिलं, की तेवढ्यात रेडा बुरुजाला धडकून नुसताच उभा राहिला.

पुंजाकाकांनी घंटा खाली ठेवली.

"चांगलं विचारलंस," ते म्हणाले. "त्यासाठी आधी इमारत बांधायच्या आधीची परिस्थिती समजून घ्यावी लागेल."

त्यांनी ती समजावून सांगितली. सुरुवातीला आवाज बारीक होता, आठवणी अडखळत होत्या. मग टँकर आले, टँकरवाल्याचा मेहुणा आला, आणि काकांना जोर चढू लागला. लोक गणपतीसमोर बसलेले, आरती व्हायची राहिलेली, उठून जाणार कुठे? साडेसात टळून गेले. बाविसावं मिनिट आलं. कंदील आता कलिंगडाएवढा झाला होता. रेडा नेहमीच्या ऐटीत कुऱ्हाड परजत आला, कंदीलवाली प्रथमच पळाली नाही, आणि रेडा आडवा झाला. बायकांकडून अशी दाद आली की काकांना ती आपल्याच गोष्टीला वाटली. पाठोपाठ तिरंदाज गेला. पुढे मोकळं मैदान होतं आणि बुरुजांची रांग.

"आणि मग प्रश्न आला पंपाच्या विजेचा," पुंजाकाका उठले. "मी म्हटलं, पंपाची लाइन वेगळी पाहिजे. म्हणजे इमारतीची वीज गेली तरी पाणी बंद पडायला नको. लोकांना पटत नव्हतं. थांबा, दाखवतोच."

ते भिंतीवरच्या मीटरबोर्डापाशी गेले आणि त्यांनी इमारतीचा मेन स्विच खाली ओढला.

टीव्ही गेला, रोषणाई गेली, वायफाय गेलं. पार्किंगमध्ये मोबाइलला रेंज नव्हतीच. चौघांच्या हातातल्या पडद्यांवर एक चाक गोल गोल फिरत राहिलं. अंधारात कोपऱ्यातून पंपाचा आवाज मात्र संथपणे येत होता.

"बघा," पुंजाकाका म्हणाले. "चालू आहे."

कंदील आपणच वाढवला आणि आपणच विझवला, हे शुभांगीच्या लक्षात आलं. समईच्या उजेडात ललितला कंठ फुटला. मॅच तुटली तेव्हा आमचे बुरूज जास्त होते, म्हणजे नियमाप्रमाणे आम्ही जिंकलो, असं त्याने अतिशय मुद्देसूद मांडलं. साई म्हणाला की अजून दोन मिनिटं मिळाली असती तर आपलं काही खरं नव्हतं. मनीषाताई डाव्या हाताने उजवा खांदा दाबत बसली.

"भांडताय कशाबद्दल?" काकांनी विचारलं. गेमकडे त्यांनी लक्षच दिलं नव्हतं. साईने पैज सांगितली: हरणाऱ्यांनी पुऱ्या लाटायच्या.

"ते नंतर बघू," काका म्हणाले. "माझं अजून संपलेलं नाही."

अंधारात कुणीतरी सुस्कारा सोडला.

"बोअरची गाडी आली. गाडीवरची माणसं तमिळनाडूची, आपली भाषा त्यांना येत नाही. साडेतीनशे फूट खाली गेले तरी नुसती धूळ. कमिटीने ठरवलं, आता बास. सगळे घरी निघून गेले. ती माणसं सकाळपासून उपाशी, सामान आवरून निघायच्या तयारीत. तेव्हा ही मनीषा इथे नुकतीच राहायला आली होती. ही पिठलं-भाकरी घेऊन खाली आली. जेवल्याशिवाय गाडी हलवायची नाही, म्हणाली. भाषा कळली नाही, पण माणसं बसली. पोटभर जेवली. त्यांचा मुकादम हात धुऊन उठला, आणि मला खुणेने म्हणाला, या ताईच्या भाकरीसाठी अजून एक पाइप टाकतो, पैसे नको. त्या पाइपाला पाणी लागलं."

पंपाचा आवाज आता सगळ्यांना ऐकू येत होता.

"मला वाटलं, तुम्ही विसरलात," मनीषाताई म्हणाली.

"विसरलो नाही गं. हेच तर सांगायचं असतं. पण दर वेळी इथवर येतो, तोवर समोर कुणी उरलेलं नसतं."

साई म्हणाला, "काका, पुऱ्या आम्ही लाटतो."

"आम्ही म्हणजे त्यात मीही आलो," पुंजाकाका म्हणाले आणि त्यांनी मेन स्विच वर केला.

उजेडात सगळ्यांनी ललितकडे पाहिलं. त्याची पाच मिनिटं केव्हाच संपली होती. तो म्हणाला, "मान्य."

आरती एवढ्या उशिरा कधीच झाली नव्हती आणि एवढ्या खड्या आवाजातही. वर जाताना जिन्यात शुभांगी म्हणाली, "ताई, तुम्ही नसतात तर माझं शिक्षण झालं नसतं."

"माहीत हाय मला."

"मग कधी बोलला नाहीत?"

"तू कधी विचारलं नाय." मनीषाताईने कुलपाला किल्ली लावली. मग वळून म्हणाली, "आभार मानायचे असतील तर पुऱ्या लाट."

म्हणून महाप्रसादाच्या दिवशी पुरुषांच्या रांगेत एक बाई होती. ललितने पहिल्या वीस पुऱ्या अशा झपाट्याने लाटल्या की लोक बघायला आले. नंतर त्याला पाठ आठवली, मग पाणी प्यावंसं वाटलं. शुभांगीच्या पहिल्या पुऱ्या निरनिराळ्या तालुक्यांच्या नकाशांसारख्या झाल्या. तिने त्यांच्याकडे नीट पाहिलं, हात जरा हलका केला आणि घाई केली नाही. परात अर्धी झाली तेव्हा तिच्या पुऱ्या कढईत टम्म फुगू लागल्या होत्या.

मनीषाताई समोर खुर्चीवर बसली होती. पहिली फुगलेली पुरी तिला दिली होती आणि ती तोंडाने सगळ्यांच्या चुका सांगत होती. लाटायचं अजून बरंच होतं. कंटाळलेल्या साईने कणकेने भरलेले हात झटकले, इकडेतिकडे पाहिलं आणि म्हणाला, "काका, ते टँकरवाल्याच्या मेहुण्याचं काय होतं हो?"

ललितने डोळे मिटले. पण हात भरलेले होते, कुणालाच उठता येईना.

पुंजाकाकांनी लाटणं बाजूला ठेवलं. "त्यासाठी," ते म्हणाले, "आधी इमारत बांधायच्या आधीची परिस्थिती समजून घ्यावी लागेल."

गोष्ट भाकरीपर्यंत यायला अजून खूप अवकाश होता. मनीषाताईने पदर सारखा केला आणि खुर्ची जरा पुढे ओढून घेतली.