वक्तनवीस अप्पा

लोहाऱ्याकडच्या त्या गावात मी एसटीतून उतरलो, तेव्हा समोर एक म्हातारा उभा होता. धोतर गुडघ्याच्या वर, कानावर पेन्सिल, काखेत लाल कापडात बांधलेली वही. उभा होता म्हणायचं एवढंच, पाय सारखे जागा बदलत होते. त्यानं खिशातलं घड्याळ पाहिलं, स्वतःची सावली पाहिली आणि लिहिता लिहिता मोठ्यानं म्हणाला, "सोसायटीचा नवा शेक्रेटरी आला. नऊ वाजून वीस मिन्टं. आदी ट्रंक उतरवली, मग सोता." मग वहीच्या उजव्या बाजूला आणखी काही खरडलं.

"तिकडं काय लिहिलं?" मी विचारलं.

"अर्थ. माणूस रमायला वक्त लागंल."

हे निवृत्तीअप्पा. त्यांचं खरं आडनाव कुणाला माहीत नव्हतं, सगळे वक्तनवीस म्हणायचे. निजामाच्या अमदानीत म्हणे त्या भागात वक्तनवीसांची पाच-सात घरं होती. बाई बाळंत झाली, भाऊ वेगळे झाले, विहिरीला पाणी लागलं, की वक्तनवीसाला बोलावणं जायचं. तो येऊन डाव्या बाजूला वेळ लिहायचा आणि उजव्या बाजूला त्या वेळेचा अर्थ. निजाम गेला, बाकीची घरं शेतीला लागली. अप्पा एकटे उरले. जोशी म्हटलेलं त्यांना खपत नसे. "जोशी पुढचं सांगतो. आमी घडल्यालं वाचतो," म्हणायचे.

सोसायटीच्या कचेरीचा ओटा हे त्यांचं ठाणं. पण पाच मिनिटं बसतील तर शपथ. उठायचे, चावडीपर्यंत जायचे, परत यायचे. भाकरीसुद्धा उभ्यानं खायचे. भिंतीवरच्या घड्याळावर त्यांचा राग होता. "नुसतं फिरतंय. त्याला लिवता येतं का?"

लग्नात लोक त्यांना घाबरत. बारा दहाचा मुहूर्त चुकून पाऊण तास उलटला, की भटजी घाईघाईनं अक्षता टाकायला लावायचे आणि अप्पा मांडवात सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचे, "आता लागलं बराबर. बारा पंचावन." संचालक मंडळाच्या सभेची त्यांनी केलेली नोंद मी स्वतः वाचली आहे: "सभा पावणेदोन तास. त्यात चेअरमनचं खोकणं एक तास. अर्थ: बोलायचं काई नव्हतं."

त्या सालात दुष्काळ पडला. विहिरी आटल्या, टँकर सुरू झाला. दिवसाला दोन खेपा, एक वरच्या आळीला, एक खालच्या बौद्ध वस्तीला. खेपांची यादी माझ्या टेबलावर असायची. मी रोज लिहायचो, वर एक, खाली एक. त्यात खोटं काही नव्हतं. तरी खालच्या वस्तीतल्या बाया निम्म्या घागरी रिकाम्या घेऊन परत जायच्या. शेवटी वस्तीनं तहसिलीत अर्ज केला आणि एक साहेब चौकशीला आले.

साहेबांनी माझी यादी पाहिली. "खेपा सारख्याच आहेत की."

"तेच म्हणतो मी," चेअरमन म्हणाले.

अप्पा ओट्यावर येरझारा घालत होते. तिथूनच म्हणाले, "साहेब, खेपा मोजू नका. वक्त वाचा."

त्यांनी वहीचं लाल कापड सोडलं. वीस दिवसांच्या नोंदी होत्या. वरच्या आळीत टँकर पाऊण तास. ड्रायव्हर च्या पितो, बिडी ओढतो, सगळ्यांची पिंपं भरतात. खालच्या वस्तीत बारा मिनिटं, कधी दहा. साहेब म्हणाले, "आणि हा उजवीकडचा मजकूर?"

अप्पांनी वाचलं, "खाली इंजन बंद करीत न्हाय. ज्याला थांबायचं असतंय, त्यो इंजन बंद करतो."

चेअरमन जवळ सरकून हलक्या आवाजात म्हणाले, "अप्पा, एवढं पान गाळा."

"च्या गाळा, चेअरमन. वक्त गाळता येत न्हाय."

दुसऱ्या दिवसापासून टँकर आधी खाली जाऊ लागला आणि शेवटची घागर भरेपर्यंत उभा राहू लागला. मीही यादीत वेळेचा रकाना आखला. तो मला आधी सुचला नव्हता, याची लाज अजून वाटते.

वरच्या आळीनं अप्पांना बोलावणं बंद केलं. लग्नं झाली, बारशी झाली, त्यांना निरोप नाही. चार घरच्या बाया त्यांना पाहून दार लोटून घेत. अप्पांची चुळबूळ वाढली. दिवसातून दहा-दहा वेळा ते आळीच्या तोंडाशी जायचे आणि मागं फिरायचे. मी म्हणालो, "अप्पा, कशाला जाता? बोलत नाहीत तर नाहीत."

त्यांनी काखेतली वही चाचपली. मग म्हणाले, "एक नोंद अर्धी हाय."

तेव्हा मला कळलं. सहा वर्षांपूर्वी त्यांची बायको अचानक गेली, तेव्हा ते शेजारच्या गावात कुणाच्या तरी बाळंतपणाची वेळ लिहायला गेले होते. ती नेमकी केव्हा गेली, कुणालाच ठाऊक नव्हतं. घर वरच्या आळीच्या मागंच, म्हणून आळीतल्या बाया धावल्या, पण नंतर. एक म्हणे सकाळी, एक म्हणे दुपारी. त्यांना पुन्हा पुन्हा विचारायला ते आळीत जायचे. आता तेही बंद झालं होतं.

दोन-चार दिवसांनी खालच्या वस्तीतल्या कौसाबाई पाणी भरून कचेरीवरून चालल्या होत्या. अप्पांना पाहून थांबल्या. "अप्पा, तुमी हल्ली लई वाळलाव. घरात कुणी न्हाय म्हनून असं. तुमची कारभारीन लई मायाळू व्हती. त्या दिशी म्या सरपन घिऊन आल्ते, तर मला बस म्हन्ली."

अप्पांचे पाय थांबले. "कंच्या दिशी?"

"गेली त्या दिशी. म्या व्हते की परसदारी. ऊन उंबऱ्याला टेकलं व्हतं, शाळंची मधली सुट्टी झाली व्हती. मान कलली तिची. म्याच वरड्ले, मग बाया आल्या."

"तुमी कधी बोलला न्हाईत, कौसाबाई."

"मला कुणी इचारलं न्हाय."

अप्पांनी वही सोडली. जुनं पान काढलं, पेन्सिल टेकवली, पुन्हा उचलली. त्यांनी वही माझ्यापुढं केली. "तुमी लिवा, शेक्रेटरी."

मी लिहिलं. ऊन उंबऱ्याला, शाळेची मधली सुट्टी.

"काई बोलली का?" अप्पांनी विचारलं.

कौसाबाईंनी घागर खाली ठेवली. "तुमी आलाव का, असं इचारलं. दोनदा."

अप्पा ओट्यावर बसले. डोळ्यांना पंचा लावला आणि तसेच बसून राहिले. मग पंच्याआडूनच म्हणाले, "दोनदा इचारलं. ते बी लिवा."

मी लिहिलं.