गादी मासा असल्याचा पुरावा

माणूस विसरतो, नवरा तर विसरतोच, सरकारही विसरतं. पण क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट काही विसरत नाही. म्हणूनच सुधारलेल्या समाजात माणसापेक्षा स्टेटमेंटवर विश्वास ठेवायची पद्धत आहे.

संघमित्रा सकपाळची तक्रार बँकेने पूर्णपणे मान्य केली, तिचे सगळे पैसे परत दिले आणि परळच्या शाखेत तिचा हसरा फोटो लावला. हे सुरुवातीलाच सांगून टाकलेलं बरं, कारण पुढे त्याचा कुणालाही काडीचा उपयोग होत नाही. तेव्हा असं काही घडलेलंच नाही असं धरून आपण पुढे जाऊ. (बँकेतही हीच पद्धत आहे. फक्त तिथे घडलेलं न घडलेलं धरायला वेगळा विभाग आहे.)

तर संघमित्रा. परळच्या एका हॉस्पिटलात रक्त तपासणारी लॅब टेक्निशियन. नायगावच्या बीडीडी चाळीतली खोली पुनर्विकासाला गेल्यापासून नवरा अमितबरोबर डिलाईल रोडला भाड्याने राहते. दुसऱ्याच्या रक्तातली साखर दशांशापर्यंत सांगणारी ही बाई स्वतःचं स्टेटमेंट मात्र कधी उघडत नसे. त्या रविवारी ते तिच्या हातून चुकून उघडलं गेलं, आणि त्यात एक ओळ होती: ओशनिक मरीन प्रॉडक्ट्स, रत्नागिरी. रुपये सहा हजार आठशे पन्नास.

"अमित, तू मासे आणलेस?"

"कधी?"

"गेल्या महिन्यात. सात हजाराचे."

अमितने मोबाईलमधून मान वर न काढता यावर विचार केला. "सात हजाराची सुरमई आणली असती तर वास नसता आला? आपल्या फ्रीजमध्ये बर्फाचा ट्रे तिरका ठेवावा लागतो गं."

"मग खाल्ले कोणी?"

"हॅकरने. त्यालाही पोट आहे."

बँकेचं म्हणाल तर बँकेने त्या खर्चाचा मेसेज त्याच दिवशी पाठवला होता. त्या महिन्यात बँकेने संघमित्राला एकूण चौसष्ट मेसेज पाठवले. त्यांपैकी त्रेसष्ट मेसेज तुम्हाला कर्ज मंजूर झालं आहे, असं सांगणारे होते आणि एक पैसे गेल्याचं सांगणारा. चौसष्टातला तो एक मेसेज ग्राहकाने वेचून वाचावा, अशी बँकेची रास्त अपेक्षा असते. संघमित्राने सगळे एकदम पुसले होते. चूक कोणाची, हे इथेच स्पष्ट व्हावं.

तिने गादीवर मांडी ठोकून हेल्पलाईनला फोन लावला. अर्ध्या तासाच्या सनईनंतर नूपुर नावाची एक मुलगी आली.

"नमस्कार मॅम, आपला दिवस कसा जातोय?"

"सहा हजार आठशे पन्नासला."

नूपुरने याबद्दल खेद व्यक्त केला. खेद व्यक्त करायला तिला वेगळं बटण असावं, कारण तो प्रत्येक वेळी त्याच आवाजात आला. मग तिने अनोळखी व्यवहार नाकारण्याची पद्धत समजावून सांगितली. पद्धत अतिशय सोपी आहे. ग्राहकाने न घेतलेल्या वस्तूचं बिल जोडायचं. ते नसल्यास, वस्तू दिलेली नसल्यामुळे बिल दिलेलं नाही, असं दुकानदाराचं पत्र चालतं. आपण या दुकानदाराला अजिबात ओळखत नाही, असं प्रतिज्ञापत्र करायचं आणि त्यात त्याचं पूर्ण नाव, पत्ता व मोबाईल नंबर भरायचा. शिवाय ही खरेदी आपण करत नव्हतो तेव्हा कुठे करत नव्हतो, याचा दाखला.

शेवटचं तेवढं जमण्यासारखं होतं. हॉस्पिटलच्या कार्यालयाने दाखला दिला: ‘सदर कर्मचारी सदर दिवशी सायंकाळी पाचपर्यंत ड्युटीवर असून त्या मासे घेत नव्हत्या.’ खाली गोल शिक्का. पाचनंतरचं हॉस्पिटलने काही म्हटलं नव्हतं, आणि बँकेने विचारलं नाही.

अशा तऱ्हेने, या एका दाखल्यावर, संघमित्रा जिंकली. (जे घडलेलं नाही असं आपलं ठरलं आहे, ते हेच.) तिच्या विजयात प्रतिपक्षाचाही वाटा होता. ओशनिक मरीन प्रॉडक्ट्सला बँकेने खुलाशासाठी दहा दिवस दिले होते आणि तिकडून चकार शब्द आला नाही. बँकेत ग्राहक जागृती पंधरवडा चालू होता, पण जागृत ग्राहक सापडत नव्हता. तिला बोलावून फोटो काढला, एक पाण्याची बाटली भेट दिली आणि शाखेच्या दारात बोर्ड लागला: ‘सजग ग्राहक’. अमितने तो फोटो सासरच्या, माहेरच्या आणि नायगावच्या ग्रुपवर टाकला. तिन्हीकडून जयभीम आणि अंगठे आले.

पुढच्या रविवारी बाबुराव परब घरी आले. समोरच्या गल्लीत त्यांचा गादी कारखाना. कारखाना म्हणजे एक गाळा, दोन कारागीर आणि हवेत उडणारा कापूस. बाबुराव मूळचे मालवणकडचे. मुंबईत पन्नास वर्षं काढूनही बोलणं तिकडचंच. बसल्या बसल्या त्यांनी सवयीने गादी दाबून पाहिली. नायगावची खोली सोडताना जुनी गादी तिथेच टाकावी लागली होती, म्हणून ही त्यांच्याकडूनच बनवून घेतली होती.

"कापूस बसूक नाय अजून," ते समाधानाने म्हणाले. मग चेहरा उतरला. "गो चेडवा, तुका लिवाक येता. माका एक अर्ज लिवन दी. बँकेन माझा कार्डाचा मशीन बंद केल्यानी."

"का हो काका?"

"कोण एक बाई सांगता, मी तिका फसवलंय म्हणान. ता स्कॅन करूचा पण बंद, खाता पण बंद. ऐन लग्नसराईत. आता माझ्याकडे रोख घेऊन कोण येतलो?"

हे खरं होतं. डिलाईल रोडला आता कोथिंबिरीची जुडीसुद्धा स्कॅन करून घेतात. गिऱ्हाईक गादी दाबायचं, पसंत करायचं, मोबाईल काढायचं आणि ‘येतो हां काका’ म्हणून जायचं. दोन्ही कारागिरांना शनिवारी पगार देता आला नव्हता. एकजण गावी जायच्या गोष्टी करत होता. महिनाभर असंच चाललं तर गाळा सोडावा लागणार होता.

संघमित्राला मनापासून राग आला. तिने पेन घेतलं आणि झरझर लिहिलं, की सदर तक्रारदार महिला एकतर विस्मरणाने ग्रस्त असावी किंवा लबाड असावी.

"लबाडच," बाबुराव म्हणाले. "मोठ्या अक्षरात."

"काका, दुकानाचं नाव? परब गादी कारखाना?"

"नाय गो. मशीन माझ्या साडूचा. रत्नागिरीक त्याचो मासळीचो धंदो होतो, तो बुडालो. गाळो माझ्या आज्याच्या नावावर, म्हणान माका मशीन गावना. बँकेचो माणूस म्हणालो, काका, साडूचा घ्या, चलता. पैसे त्याच्या खात्यात जातत, तो माका धाडता. नाव घाल, ओशनिक मरीन प्रॉडक्ट्स."

पेन थांबलं. अमित अचानक पाणी आणायला आत गेला. बँकेची नोटीस साडूच्या बुडालेल्या धंद्याच्या ईमेलवर गेली होती, आणि त्याचा पासवर्ड साडूलाही आठवत नव्हता, हे सगळं नंतर कळलं. त्या क्षणी संघमित्राला एवढंच आठवलं, की ड्युटीवरून घरी येताना साडेसहाला, पॉइंट मिळतात म्हणून, तिनेच त्या मशीनवर कार्ड टेकवलं होतं.

"काका, ती बाई मी आहे."

बाबुरावांनी अर्जावर बोट ठेवलं.

"मग लबाड खोड," ते म्हणाले. "विस्मरण ऱ्हवांदे."

तिने त्यांना तिथल्या तिथे रोख पैसे दिले. पण मशीनला रोख कळत नाही. तेव्हा दुसऱ्या दिवशी रजा टाकून संघमित्रा शाखेत गेली. मागे पुरावा म्हणून गादी, आणि गादीखाली बाबुराव. दारात तिचाच फोटो हसत होता. तक्रार विभागाचे सुशांत सर उभे राहिले.

"मॅडम, तुम्ही? या ना. आता कोणी फसवलं?"

"कोणीच नाही. आधीही नव्हतं. मला तक्रार मागे घ्यायची आहे."

सुशांत सरांनी आवाज खाली आणला. "कोणी दबाव आणतंय का?" डोक्यावर गादी घेऊन उभ्या असलेल्या बाबुरावांची त्यांनी कागदावर ‘सोबत एक इसम’ अशी नोंद केली.

संघमित्राने साडू, मासळी, गाळा सगळं सांगितलं. गादी टेबलावर पसरून दाखवली. सुशांत सरांनी ती दोन्ही हातांनी दाबली.

"गादी उत्तम आहे. बँकेला गादीबद्दल काहीच म्हणायचं नाही. प्रश्न माशांचा आहे. तुम्ही मासे घेतले होते का?"

"नाही."

"मग तक्रार खरी आहे."

"पण मी गादी घेतली होती."

"गादीची तक्रार तुम्ही केलेलीच नाही. आमच्या रेकॉर्डला मरीन प्रॉडक्ट आहे. ही गादी मासा असल्याचा काही पुरावा आहे का? बिल वगैरे?"

"बिल मी देत नाय," बाबुराव गादीमागून म्हणाले. "शब्द देतंय."

सुशांत सरांनी इसम बोलू लागल्याची नोंद केली.

"अहो, मी ह्यांना रोख पैसे पण दिलेत," संघमित्रा म्हणाली, आणि हे तिने म्हणायला नको होतं. संशयित दुकानदाराला पैसे देणं हे ग्राहक अजूनही जाळ्यात असल्याचं लक्षण आहे. तिच्या हितासाठी तिचं कार्ड तिथल्या तिथे बंद करण्यात आलं. दारातला फोटो तसाच राहिला, कारण पंधरवडा संपायला चार दिवस होते.

मात्र बँक निर्दय नाही. ‘ग्राहकाची फसवणूक न झाल्याबाबत’ असा एक अर्ज उपलब्ध आहे, आणि त्याला फक्त दोन साक्षीदार लागतात. साक्षीदार जबाबदार हवा, एवढीच अट. जबाबदार म्हणजे काय, याची व्याख्या अर्जाच्या मागे आहे: ज्याला स्वतःच्या गेल्या महिन्याच्या स्टेटमेंटमधली प्रत्येक ओळ ओळखता येते असा इसम.

संघमित्राने आधी घरातून सुरुवात केली. अमित पहिल्याच ओळीला बाद झाला. दरमहा दोनशे नव्व्याण्णव रुपये जात होते ते विम्याचे, अशी त्याची समजूत होती. ते व्यायामाच्या ॲपचे निघाले. हॉस्पिटलातल्या एका सर्जनना माणसाच्या अंगातली प्रत्येक रक्तवाहिनी पाठ आहे, पण गुरुग्रामच्या एका कंपनीला आपण तीन वर्षं कशाचे पैसे देतो आहोत, हे त्यांना सांगता येईना. ‘असेल काहीतरी मुलाचं,’ ते म्हणाले. त्यांना मूल नाही. सुशांत सरांनी स्वतः साक्षीदार होण्याची तयारी दाखवली, आणि चौथ्या ओळीला स्वतःच्या स्टेटमेंटची घडी घातली. एकूण बेचाळीस जणांची तपासणी झाली. पात्र: शून्य.

अखेर बाबुरावांच्या गाळ्याच्या खाली ओढलेल्या शटरवर, संघमित्राच्या नीटनेटक्या अक्षरात, पुढील कागद लागला. तो अजून तिथे आहे.

‘जाहीर विनंती. या दुकानातून गादी घेऊनही आपण फसवले गेलो नाही, हे सिद्ध करू इच्छिणाऱ्या एका ग्राहकास दोन साक्षीदार हवे आहेत. साक्षीदाराने स्वतःचे मागील महिन्याचे स्टेटमेंट सोबत आणून त्यातील प्रत्येक ओळ कुठली व कशाची, हे न अडखळता सांगावे. "बहुधा घरातल्या कोणीतरी घेतलं असेल" हे उत्तर ग्राह्य धरले जाणार नाही. ही विनंती वाचणाऱ्याने प्रथम हातातल्या मोबाईलवर स्वतःची खात्री करून घ्यावी, आणि पात्र आढळल्यास शटर वाजवावे.’