शिंप्याच्या दारातील सहभाग फलक

सुज्ञ वाचकहो, प्रस्तुत कथेत एका शिंप्याच्या दारासमोर लोकशाही कशी उभी राहिली, ती किती फूट रुंद व किती फूट उंच होती, आणि तिच्यापायी त्या सरळमार्गी माणसाच्या संसाराची काय अवस्था झाली, याचे साद्यंत निवेदन करण्यात येणार आहे. यात पदरचे काही घातलेले नाही. मापे तर खुद्द शिंप्यानेच घेतलेली आहेत.

तर एका सोमवारी सकाळी शिंपी आपल्या पत्नीसह दुकान उघडावयास आला असता दुकान दिसेना. दुकान जागेवरच होते, परंतु त्याच्या पुढ्यात आठ फूट रुंद व सहा फूट उंच असा लोखंडी फलक रविवारच्या सुटीत उभा करण्यात आला होता. निळ्या रंगावर पांढऱ्या ठसठशीत अक्षरांत लिहिले होते : ‘नागरिकहो, पुढे या! आपली अडचण मोकळेपणाने सांगा. आम्ही आपल्या सेवेस उभे आहोत.’

शिंप्याने गळ्यातली टेप काढून फलक व दुकान यांच्यामधले अंतर मोजले.

“नऊ इंच,” तो म्हणाला. वैद्याने नाडी सोडून मान हलवावी तसा त्याचा चेहरा झाला होता.

“अहो, मग आत जायचं कसं?” शिंपीणबाईंनी विचारले.

“श्वास सोडून.”

शिंपीणबाई अंगाने काटकुळ्या. त्या आडव्या होऊन सुळकन आत गेल्या. शिंप्याने छातीतली सर्व हवा बाहेर टाकली, पोट पाठीला लावले, आणि तिसऱ्या प्रयत्नात तोही आत पोचला. सदऱ्याची दोन बटणे मात्र बाहेरच राहिली.

त्या आठवड्यात दुकानाच्या वहीत अठ्ठावीस इंचांच्या वर एकही कंबर नोंदली गेली नाही. गल्लीतला हलवाई विजार सैल करून घ्यायला आला तो फलक आणि भिंत यांच्यामध्ये दीड तास रुतून बसला. शेवटी शिंपीणबाईंनी आतून ढकलले व शिंप्याने बाहेरून ओढले. “पोट आत घ्या, शेठ!” “अहो, ते आतच घेतलंय, हे उरलेलं आहे!” अशा संवादानंतर हलवाई एकदाचा सुटला, आणि विजार काखेत मारून दुसऱ्या शिंप्याकडे गेला तो कायमचा. पिढीजात गिऱ्हाइके अशी एकामागून एक तुटू लागलेली पाहून शिंपी अस्वस्थ झाला. फलकावर लिहिले होते त्याप्रमाणे पुढे जाऊन अडचण मोकळेपणाने सांगावी, असा निश्चय करून तो कचेरीत गेला.

नागरिक सहभाग कक्ष तिसऱ्या मजल्यावर, जुन्या कपाटांच्या मागे होता. शिंपी आत शिरताच सहभाग अधिकारी खुर्चीवरून ताडकन उठले.

“कोण आपण?”

“मी शिंपी. माझी एक अडचण...”

“नागरिक आलाय!” अधिकाऱ्यांनी दाराबाहेर तोंड काढून आरोळी दिली. शेजारच्या तिन्ही खात्यांतली माणसे त्याला पाहावयास धावत आली. कक्ष स्थापन होऊन चार वर्षे लोटली होती, परंतु आजवर एकही नागरिक तिकडे फिरकला नव्हता. दर महिन्याच्या अहवालात ‘सहभाग निरंक, वातावरण उत्साहवर्धक’ असे लिहून अधिकाऱ्यांचा हात दुखून गेला होता. शिंप्याला खुर्ची मिळाली, पाणी मिळाले, आणि समोरून व बाजूने त्याची छायाचित्रे घेण्यात आली.

“साहेब, तो फलक दीड हात बाजूला सरकवा. बाकी काही मागणं नाही.”

“तुम्ही तो वाचलात?” अधिकाऱ्यांनी आशेने विचारले.

“रोज वाचतो. दुसरं काही दिसतच नाही ना!”

‘फलक प्रभावी ठरत आहे’, असे अधिकाऱ्यांनी टिपून घेतले. मग ते पुढे झुकून म्हणाले, “मास्तर, मी आत्ता शिपायाला सांगितलं तर दहा मिनिटांत फलक सरकेल. पण मग ती हुकूमशाही झाली की नाही? एका अधिकाऱ्याच्या मनात आलं आणि फलक हलला! छे, छे. हे लोकांनी ठरवायला हवं. पंचवीस नागरिकांची मतं घेऊन या.” आणि त्यांनी पंचवीस छापील अर्ज शिंप्याच्या हाती दिले.

अर्जात तीन पर्याय होते. अ : फलक आहे तसा असावा. ब : फलक आणखी मोठा असावा. क : सांगता येत नाही.

“साहेब, यात ‘हटवावा’ कुठं आहे?”

“वा! सूचना उत्तम आहे. पुढच्या छपाईच्या वेळी अवश्य विचार करू.”

शिंपी प्रथम समोरच्या घड्याळवाल्याकडे गेला. घड्याळवाला डोळ्याला भिंग लावून बसलेला असे व गल्लीतील सर्व प्रश्नांवर त्याचे ठाम मत असे.

“मास्तर, आपण तुमच्या पाठीशी आहोत,” घड्याळवाला म्हणाला.

“मग एवढी खूण करा.”

“पाठीशी आहोत म्हटलं ना? पुढे कशाला ओढताय?”

असेच उत्तर घरोघरी मिळाल्यावर शिंप्याने युक्ती योजली. अर्ज भरणाऱ्याचे तुटके बटण फुकट लावून मिळेल, असे त्याने जाहीर केले, आणि तो सुईदोरा घेऊन पदपथावर बसला. अर्ध्या तासात गल्ली लोटली. कित्येकांनी तर चांगली बटणे जागच्या जागी तोडली. प्रत्येकाने बटणाकडे लक्ष ठेवून अर्जावर खूण केली. आणि ‘क’ हा पर्याय तळाशी, अंगठ्याच्या लगत असल्यामुळे खूण त्यावरच झाली. पंचविसावा अर्ज शिंप्याचा स्वतःचा. त्याने सुवाच्य अक्षरात ‘हटवा’ असे लिहिले, म्हणून तो बाद ठरला.

चोवीसपैकी चोवीस नागरिकांना फलकाविषयी काहीच सांगता येत नाही, ही बाब कक्षाने अत्यंत गांभीर्याने घेतली. ज्या अर्थी सांगता येत नाही, त्या अर्थी माहिती पोचलेली नाही. आणि ज्या अर्थी माहिती पोचलेली नाही, त्या अर्थी माहिती देणारा दुसरा फलक लागेल, असा निष्कर्ष निघाला. पहिल्याच्या दर्शनी बाजूला जागा नसल्याने दुसरा फलक पाच इंच जाडीच्या चौकटीसह त्याच्या पाठीवर, म्हणजे दुकानाकडे तोंड करून, बसवण्यात आला.

त्या दुपारी शिंपी दोरा आणावयास गेला होता, आणि शिंपीणबाई जेवून कापडाच्या ढिगावर जरा पडल्या होत्या. शिंपी परतला तेव्हा कामगार शेवटचा खिळा ठोकून निघून गेले होते. त्याने टेप लावली. चार इंच.

“अगं, आहेस का?” त्याने फटीला तोंड लावून विचारले.

“मी कुठं जाणार? अहो, इथं एकदम अंधारून कशानं आलं?”

“दुसरा फलक लावलाय.”

“हो, दिसला. थांबा, वाचते. ‘पहिला फलक कसा वाचावा.’ अगबाई! सतरा कलमं आहेत हो!”

दुकानाला दुसरे दार नव्हते. मागे न्हाणीघर व पाण्याचा नळ होता, एवढेच काय ते समाधान. शिंपी बशीत पसरलेले जेवण फटीतून आत सरकवी. शिंपीणबाई शिवलेले कपडे इस्त्री करून, पत्र टाकावे तसे, फटीतून बाहेर टाकीत. त्या यंत्रावर बसल्या आणि काम पूर्वीपेक्षा नेटके होऊ लागले, ही गोष्ट शिंप्याने मनातल्या मनातही कबूल केली नाही. घरी मात्र त्याचे हाल कुत्रा खाईना. साखरेचा डबा म्हणून तो मिठाचा डबा उघडी. आंघोळीचे पाणी तापत ठेवून तो आंघोळ विसरे. चौथ्या दिवशी त्याने एका पायात काळा व एका पायात तपकिरी जोडा घालून कचेरी गाठली.

“साहेब, माझी बायको आत अडकली हो!”

“त्यांची तशी तक्रार आहे?”

“माझी आहे.”

अधिकाऱ्यांचा चेहरा उतरला. “मास्तर, त्यांच्या वतीनं तुम्ही बोलणार? म्हणजे महिलांचा आवाज दाबणंच झालं की हे! शिवाय दुसरा फलक वाचणाऱ्या त्या गावातल्या एकमेव नागरिक आहेत. त्यांच्यामुळे आमचा वाचकवर्ग शंभर टक्के भरला आहे.” मग शिंप्याचे जोडे पाहून त्यांना दया आली. “एक करू. गल्लीचं मतदान घेऊ. सुटी देऊ. या वेळी ‘नको’ हा पर्याय मी स्वतः छापून घेतो. मग तर झालं?”

शिंप्याचे डोळे भरून आले.

मतपत्रिकेवर प्रश्न होता : ‘गल्लीतील दारांसमोर सहभाग फलक असावेत की नसावेत?’ नियमानुसार मतदान घटनास्थळी घेणे आवश्यक, म्हणून शिंप्याचे दुकान हेच केंद्र ठरले. कर्मचारी आत जाऊ शकत नसल्याने, अगोदरच आत असलेल्या शिंपीणबाईंची केंद्राध्यक्ष म्हणून नेमणूक झाली. नियमपुस्तिका, शाई व लाख फटीतून आत सरकवण्यात आली. मतपेटी जाईना, तेव्हा शिलाईयंत्राचा खण मोहोरबंद करून तोच पेटी मानण्यात आला. मतदारांसाठी सवलत अशी, की हात आत आला म्हणजे मतदार आला असे समजण्यात येईल.

आदल्या दिवशी शिंपी सर्व दारे फिरला. मतदार अकराशे चाळीस. “येणार म्हणजे येणार!” घड्याळवाला छातीवर हात मारून म्हणाला. “मास्तर, तुमची बायको ती आमची वहिनी!”

मतदानाचा दिवस उजाडला. सात वाजता शिंप्याने फटीत हात घातला.

“नाव?” आतून आवाज आला.

“अगं, मी!”

“‘मी’ असं कुणी यादीत नाही. नियम आहे.”

“नवरा,” शिंपी हळूच म्हणाला.

“हं, आता कसं! बोट पुढे करा. हे नव्हे, डाव्या हाताचं.”

त्यानंतर शिंपी फलकाला टेकून वाट पाहत बसला. दहा वाजले. गल्लीत पंख्यांची घरघर तेवढी ऐकू येत होती. दोन कुटुंबे डबे घेऊन सहलीला निघालेली दिसली; त्यांनी शिंप्याला प्रेमाने हात केला. दुपारी त्याने घड्याळवाल्याचे दार ठोठावले. घड्याळवाला उशीचे वळ गालावर घेऊन बाहेर आला.

“अहो मास्तर, एवढी सगळी गल्ली जाणारच आहे. माझ्या एकट्याच्या मतानं काय आभाळ कोसळणार आहे का?”

हे वाक्य त्या दिवशी गल्लीत, निरनिराळ्या गाद्यांवर, अकराशे अडतीस वेळा उच्चारले गेले.

सहा वाजता अधिकाऱ्यांनी फटीजवळ उभे राहून मोजणीची आज्ञा केली. खण उघडल्याचा आवाज आला.

“दोन मतं,” शिंपीणबाईंनी जाहीर केले. “नसावेत, एक. असावेत, एक.”

“असावेत?” शिंपी ओरडला. “कुणी दिलं?”

“मतदान गुप्त असतं, अहो.”

अधिकाऱ्यांनी पुस्तिका चाळली. समसमान मते पडल्यास केंद्राध्यक्षांनी निर्णायक मत द्यावे, असे त्यात स्पष्ट होते.

“असावेत,” शिंपीणबाई म्हणाल्या.

शिंप्याने कपाळ फलकावर आपटले. “अगं, वेड लागलं का तुला? तुलाच सोडवायला हा सगळा खटाटोप केला ना मी!”

मग शिंपीणबाई फटीजवळ आल्या.

“अहो, लग्नाला एकोणीस वर्षं झाली. इथं तुमची आत्या येत नाही, काज चुकलं म्हणून कुणी डोक्यावर उभं राहत नाही, जेवण आयतं येतं आणि दुपारी झोप लागते. आणि आजवर मला कुणी विचारलं होतं का, की बाई, तुझं मत काय? पहिल्यांदाच विचारलं. तेही शाई लावून. मग काय खोटं सांगू?”

शिंप्याच्या मनात आले, विचारायला हवे होते. परंतु हे बोलावयाचे तर फटीतून बोलावे लागले असते, आणि समोर अधिकारी उभे होते.

दुसऱ्या दिवशी निकाल कळताच सगळी गल्ली खवळून उठली. घड्याळवाला भर चौकात म्हणाला, “ही कसली लोकशाही? दोन माणसांनी मिळून अकराशे लोकांचा निर्णय घ्यायचा?” सर्वांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या चालू असतानाच मालमोटार आली. प्रश्न ‘गल्लीतील दारांसमोर’ असा असल्यामुळे जनादेश सर्व दारांना लागू होता. टाळ्या वाजवून दमलेली गल्ली घरोघरी दुपारची झोप काढीत असतानाच, संध्याकाळपर्यंत सगळ्या दारांपुढे निळे फलक उभे राहिले, आणि गल्ली अतिशय व्यवस्थित दिसू लागली. “मास्तर, काहीतरी करा हो!” घड्याळवाल्याचा आवाज त्याच्या फलकामागून येत होता. शिंपी पदपथावर एकटाच उभा होता. बाहेर राहिलेला तोच एक नागरिक. त्याने बशीत जेवण पसरले आणि तो फटीपाशी जाऊन बसला.

“अगं,” त्याने विचारले, “मीठ बरोबर पडलंय का? तुझं मत सांग.”

वाचकहो, ही कथा येथे संपली. ती छापून आपल्या हाती पडेल तो बहुधा मतदानाच्या सुटीचा दिवस असेल, कारण एवढे निवांत वाचन अन्य दिवशी होत नाही. संध्याकाळचे सहा वाजले नसतील, तर कथा कशी वाटली हे कळवण्याची घाई करू नये. चपला कोठे आहेत ते पाहावे. वाजले असतील, तर मग अवश्य कळवावे. आपल्याला आता वेळच वेळ आहे. मी स्वतः त्या दिवशी कोणत्या गादीवर होतो, हे कृपया विचारू नये. आपण शांतपणे वाचलेत याबद्दल मनःपूर्वक आभार.

आपला नम्र,
त्या गल्लीतील सर्व फलकांची अक्षरे रंगवणारा रंगारी